कै. नारायण नागू पाटील : कुळांच्या हक्काचा लढा

खारदांड्याच्या नावात खार आहे, आणि आमच्या आगरी ज्ञातीच्या पूर्वजांचे आयुष्यही खाऱ्या पाण्याशी झुंजण्यातच गेले. बांध घालून भरतीचे पाणी अडवावयाचे, पावसाच्या पाण्याने जमिनीतील खार धुऊन काढावयाचा व तेथे भात पिकवावयाचे, हा त्यांचा पिढीजात उद्योग. अलिबाग तालुक्याच्या खारेपाटात ज्यांनी हे कष्ट उपसले, त्यांचा त्या जमिनीवरील हक्क मात्र कोणी मानीत नव्हते. तो मान्य व्हावा म्हणून ज्यांनी आपले आयुष्य वेचले, त्या नारायण नागू पाटील यांचे चरित्र या स्मरणिकेद्वारे आम्ही ज्ञातिबांधवांपुढे ठेवीत आहोत.

त्यांचा जन्म 1892 साली, खारेपाटातील धेरंड या गावचा. त्या काळी जमीन खोताची वा सावकाराची असे आणि तिचा कसणारा अर्धेलीने अथवा खंडाने घेणारा कूळ असे. कुळाने कबुलायतीवर अंगठा करावयाचा व तिची मुदत एका वर्षाची. आजोबा, बाप व मुलगा यांनी तेच शेत कसले तरी कागदावर कूळ दरसाल नवेच राही. तंटा कोर्टात गेला की खोत कबुलायत पुढे करी. कुळाजवळ दाखविण्यास घट्टे पडलेल्या हातांखेरीज काही नसे. बांध कोणी घातला, हे त्या कागदात लिहिलेलेच नव्हते.

एकट्यादुकट्या कुळाचा तेथे निभाव लागणे नाही, हे जाणून नारायणरावांनी भाई अनंत चित्रे यांच्या साहाय्याने शेतकऱ्यांची संघटना उभारली. 27 ऑक्टोबर 1933 रोजी चरी येथे सभा भरली आणि खोतांची जमीन कसावयाची नाही असा निर्धार झाला. पंचवीस गावांचा हा संप 1939 पर्यंत चालला. शेतकऱ्याने आपणच राखलेले शेत ओसाड पडू द्यावयाचे, याहून कठीण व्रत कोणते? कोणी मोळ्या विकल्या, कोणी मजुरीची वाट धरली. परंतु गावे फुटली नाहीत. अन्नावाचून ज्या मातांनी लेकरांची समजूत काढली, त्यांची नावे कोठे नोंदलेली नाहीत, हे लिहिताना आमचे मन भरून येते.

16 डिसेंबर 1934 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर चरीच्या शेतकरी परिषदेस अध्यक्ष म्हणून आले. पुढे 17 सप्टेंबर 1937 रोजी त्यांनी मुंबईच्या कायदेमंडळात खोती नष्ट करण्याचे बिल मांडले. त्याच वर्षी नारायणरावांनी शेतकऱ्यांची बाजू मांडण्यासाठी कृषीवल हे पत्र सुरू केले. 10 जानेवारी 1938 रोजी कोकणचे हजारो शेतकरी मुंबईत कायदेमंडळावर चालून गेले.

1939 च्या कूळ कायद्याने सलग सहा वर्षे जमीन कसणाऱ्यास संरक्षित कूळ मानले, आणि एका वर्षाच्या कबुलायतीचा जोर प्रथमच ओसरू लागला. त्यानंतर 1948 चा कूळ कायदा व 1949 चा खोती रद्द करणारा कायदा आला. आमची उपनगरे ज्या साष्टीत येतात, तेथील मोठ्या इस्टेटींची सारामाफीही 1951 च्या कायद्याने गेली. 1 एप्रिल 1957 हा कृषक दिन ठरून कसणाऱ्यास जमिनीचा मालक होण्याचा मार्ग खुला झाला. हे सर्व नारायणरावांस डोळ्यांनी पाहता आले. 1968 साली ते निवर्तले.

तरीही कायदा झाला म्हणजे तंटे मिटले, असे झाले नाही. ज्यांचे नाव पीकपाहणीत लागले नाही, त्यांची आपण कूळ होतो हे मामलेदारापुढे शाबीत करता करता वर्षे गेली. म्हणून आमची आपल्या कुटुंबांस एकच विनंती आहे. गावाकडील पेटीत जुना सातबारा, खंडाची पावती वा बत्तीस-म चे प्रमाणपत्र असेल, तर ते रद्दी समजू नये. मुलांस ते दाखवावे व त्यामागची हकीकत सांगावी. त्या पिवळ्या कागदासाठी पंचवीस गावे सहा वर्षे उपाशी राहिली होती.

त्या गावांस व त्यांच्या पुढाऱ्यास आमचे विनम्र अभिवादन.