रघुनाथ धोंडो कर्वे : शरीराची लाज न मानणारे संपादक

महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे नाव आपल्या घरांत आदराने घेतले जाते. त्यांचे थोरले चिरंजीव रघुनाथराव यांचा विषय निघाला की मात्र आपल्या मागच्या पिढ्यांतील अनेकांचा आवाज खाली येई. याला कारण होते त्यांचे मासिक, ‘समाजस्वास्थ्य’.

रघुनाथरावांचा जन्म १४ जानेवारी १८८२ रोजी झाला. फर्ग्युसन कॉलेजातून पदवी घेऊन ते गणिताचे प्राध्यापक झाले. गणिताच्याच पुढील अभ्यासासाठी ते पॅरिसलाही गेले होते. १९२१ साली त्यांनी मुंबईत संततिनियमन केंद्र उघडले. मेरी स्टोप्स यांनी लंडनमध्ये असे केंद्र काढले तेही याच वर्षी. या कामामुळे १९२५ मध्ये त्यांना विल्सन कॉलेजातील नोकरी सोडावी लागली. पत्नी मालतीबाई शेवटपर्यंत त्यांच्या पाठीशी राहिल्या. मूल होऊ न देण्याचा निर्णय दोघांनी मिळून घेतला होता.

‘समाजस्वास्थ्य’चा पहिला अंक १५ जुलै १९२७ रोजी निघाला. मुखपृष्ठावर विवस्त्र स्त्रीचे चित्र असे आणि त्यावरून गदारोळ होई. त्या काळी जर्मनी-फ्रान्समध्ये नग्नतेचा पुरस्कार करणारी चळवळ होती. तिची मासिके सूर्यस्नान, व्यायाम आणि मोकळी हवा यांविषयी लिहीत. फ्रेंच उत्तम जाणणाऱ्या रघुनाथरावांना तो विचार पटला होता. शरीर मुळात अश्लील नसते, अश्लीलता पाहणाऱ्याच्या मनात असते, असे त्यांचे मत होते. पण इथल्या वाचकाची गरज वेगळी होती. शरीराविषयीची शंका विचारायला त्याला जागाच नव्हती. म्हणून रघुनाथरावांनी मासिकात वाचकांची पत्रे घेऊन त्यांना सरळ, शास्त्रीय उत्तरे द्यायला सुरुवात केली.

त्याची किंमत त्यांनी मोजली. १९३१ च्या अश्लीलतेच्या खटल्यात त्यांना १०० रुपये दंड झाला. १९३४ चा खटला तर वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरूनच झाला. त्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील म्हणून उभे राहिले. तरीही २०० रुपये दंड झालाच. पदरमोड करून त्यांनी मासिक चालूच ठेवले. १४ ऑक्टोबर १९५३ रोजी त्यांचे निधन झाले आणि पाठोपाठ ‘समाजस्वास्थ्य’ही थांबले.

आज उघडी शरीरे मोबाईलवर हवी तितकी दिसतात. पण ती घोटून, उजळून दाखवलेली असतात. ती पाहून आपली मुले-मुली स्वतःच्या रंगाला आणि बांध्याला नावे ठेवू लागतात. दुसरीकडे पॅडचे पाकीट अजून वर्तमानपत्रात गुंडाळूनच घरी येते. म्हणजे पाहणे वाढले, बोलणे मात्र तिथेच राहिले. रघुनाथरावांना हवे होते ते बोलणे. ते आपल्या घरात सुरू करायला आपल्याला ना नोकरी सोडावी लागणार आहे, ना दंड भरावा लागणार आहे.