जुन्या कागदांचे राखणदार : विश्वनाथ काशीनाथ राजवाडे

जुनें घर पाडावयास काढिलें म्हणजे माळ्यावरची अडगळ प्रथम अंगणांत येते. फुटकीं भांडीं, मोडका पाळणा, आणि त्यांच्या तळाशीं धुळीनें माखलेलें एखादें कागदांचें गांठोडें. भांडीं मोडींत जातात, पाळण्याचें सरपण होतें, आणि गांठोडें रद्दीवाल्याच्या तागडींत पडतें. त्यांत काय होतें हें पाहण्याची तसदी बहुधा कोणी घेत नाहीं. अशीं गांठोडीं सोडवून वाचण्यांत ज्यांनीं आपलें उभें आयुष्य वेंचिलें, त्या राजवाड्यांचें चरित्र आमच्या विद्यार्थ्यांपुढें व त्यांच्या पालकांपुढें थोडक्यांत ठेवावें, असें आम्हीं योजिलें आहे.

विश्वनाथ काशीनाथ राजवाडे यांचा जन्म १८६३ सालीं आजच्या रायगड जिल्ह्यांतील वरसई या गांवीं झाला. लहानपणींच पित्याचें छत्र हरपलें आणि पुण्याजवळील वडगांवीं त्यांचें बालपण गेलें. पुढें ते डेक्कन कॉलेजांत शिकले. तेथें परीक्षेस नेमलेल्या पुस्तकांपेक्षां ग्रंथालयांतील कपाटांकडे त्यांचें लक्ष अधिक असे. त्यामुळें पदवी हातीं येण्यास पुष्कळ वर्षें लागलीं. आमच्या विद्यार्थ्यांनीं मात्र यांतील ग्रंथांची गोडी तेवढी घ्यावी, परीक्षेची हेळसांड घेऊं नये, हें येथें सांगून ठेवितों! पदवी मिळाल्यावर त्यांनीं कांहीं काळ शिक्षकाचें काम केलें. तरुणपणींच त्यांच्या पत्नीचें निधन झालें, आणि पुन्हां त्यांनीं संसार मांडला नाहीं. परभाषांतील उत्तम ग्रंथ मराठींत यावे म्हणून ‘भाषांतर’ नांवाचें एक नियतकालिकही त्यांनीं चालविलें, व त्यांतून प्लेटोच्या ‘रिपब्लिक’चें भाषांतर प्रसिद्ध केलें.

त्या काळीं मराठ्यांचा इतिहास म्हणजे ग्रँट डफ या स्कॉटिश लष्करी अंमलदारानें १८२६ सालीं प्रसिद्ध केलेला ग्रंथ, अशी स्थिति होती. ग्रंथ मोठ्या परिश्रमानें लिहिलेला होता. परंतु त्यांत उणिवा होत्या, आणि नीलकंठ जनार्दन कीर्तने यांनीं विद्यार्थिदशेंतच त्या दाखवून दिल्या होत्या. उणिवा दाखविणें सोपें, भरून काढणें कठीण. त्यासाठीं अस्सल कागद हवे होते. १८७८ सालीं निघालेल्या ‘काव्येतिहाससंग्रह’ या मासिकानें जुन्या बखरी व पत्रें छापण्यास आरंभ केला होता, आणि मिरजेच्या हायस्कुलांतील शिक्षक वासुदेवशास्त्री खरे हे पटवर्धनांच्या दप्तरावर परिश्रम करीत होते. पेशव्यांचें प्रचंड दप्तर पुण्यांत सरकारच्या ताब्यांत होतें. पण तेथें अभ्यासकांस मोकळा प्रवेश नव्हता. तेव्हां राजवाड्यांनीं आपली दृष्टि खाजगी घरांकडे वळविली. जुन्या सरदारांच्या, कारकुनांच्या, सावकारांच्या व मठांच्या माळ्यांवर जें पडून होतें, तेंच त्यांचें ग्रंथालय झालें.

वाई येथें त्यांस १७५० ते १७६१ या काळांतील पत्रांचा एक मोलाचा संग्रह मिळाला. पानिपतच्या रणांगणावर काय घडलें, हें मागाहून ऐकून लिहिणारे पुष्कळ होते. येथें मात्र त्या मोहिमेच्या दिवसांत लिहिलेलीं, रसदेची विवंचना व पैशाची टंचाई सांगणारीं पत्रेंच हातीं आलीं. तीं त्यांनीं १८९८ सालीं ‘मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें’ या नांवानें छापिलीं. हा त्या मालेचा पहिला खंड होय. पुढें एकामागून एक असे २२ खंड निघाले.

हें काम कसें चाले, याची कल्पना विद्यार्थ्यांस असावी. प्रथम कागद कोणाकडे आहेत याचा माग काढावयाचा, आणि त्या गांवीं जावयाचें. पुष्कळदां हा प्रवास पायींच होई, आणि स्वयंपाकही हातानेंच करावा लागे. दाराशीं पोहोंचल्यावर खरी अडचण पुढेंच असे. कागदांचा मालक ते सहजासहजीं दाखवीत नसे. आणि यांत त्याचा सर्वस्वीं दोष होता असेंही आम्हांस वाटत नाहीं. १८५२ च्या कायद्यान्वयें इनाम कमिशननें घरोघरींच्या सनदा तपासल्या होत्या, आणि पुष्कळांचीं इनामें गेलीं होतीं. कागद परक्याच्या दृष्टीस पडले कीं जमीन जाते, अशी धास्ती लोकांच्या मनांत बसली होती. ती घालवावयाची तर आर्जव हवें आणि धीरही हवा.

कागद मिळाले तरी ते वाचणें सोपें नसे. रुमालांत बांधलेल्या त्या पत्रांची लिपि मोडी. घाईनें, बोरू न उचलतां ओढलेली. कोठें वाळवीनें कोपरा खाल्लेला, कोठें पावसाच्या पाण्यानें शाई पसरलेली. पुष्कळ पत्रांवर मुसलमानी महिन्याची तारीख तेवढी असे, वर्ष नसेच. मग मजकुरांतील माणसें, लढाया व मुक्काम ताडून पाहून वर्ष ठरवावें लागे. एका ओळीच्या तारखेसाठीं दिवसचे दिवस जात. इतकें झाल्यावर नक्कल करावयाची, आणि छापण्यासाठीं पैसा उभा करावयाचा. राजवाड्यांपाशीं संपत्ति नव्हती, दरबारचा मानही नव्हता.

आम्हांस त्यांचा विशेष वाटतो तो असा. पत्रांतून आपणांस रुचेल तेवढा सारांश काढून ते थांबले नाहींत. मूळ पत्रच त्यांनीं लोकांच्या हातीं दिलें. एकच प्रत माळ्यावर असली तर ती एका ठिणगीनें नाहींशी होते. तीच छापून शेंकडों घरीं गेली म्हणजे वाळवीला तरी किती खातां येणार! शिवाय छापलेला कागद सर्वांचा होतो. छापणाऱ्याचा निर्णय चुकला असेल, तर वाचणारा तो त्याच कागदावरून दुरुस्त करूं शकतो.

आणि राजवाड्यांचे निर्णय चुकले नाहींत असें नाहीं. स्वभाव तापट, मतें तीव्र, लेखणी बोचरी. पानिपतच्या अपयशाबद्दल त्यांनीं गोविंदपंत बुंदेले व मल्हारराव होळकर यांजवर जो ठपका ठेविला, तो पुढील अभ्यासकांनीं जसाच्या तसा मान्य केला नाहीं. कायस्थ प्रभु ज्ञातीविषयीं त्यांनीं जें लिहिलें, त्यास केशव सीताराम ठाकरे यांनीं ‘कोदंडाचा टणत्कार’ या पुस्तकानें खरमरीत उत्तर दिलें. त्यांचीं अनेक मतें आम्हांसही पटत नाहींत. परंतु त्यांचीं मतें खोडावयास निघालेल्यांनाही राजवाड्यांनींच छापलेलीं पत्रें आधारास घ्यावीं लागलीं. ज्यानें स्वतःच्या चुका दाखविणारा पुरावाही जगाच्या हातीं ठेविला, त्याची सत्यनिष्ठा त्याच्या क्रोधाहून मोठी, असेंच म्हटलें पाहिजे.

एकट्याच्या आयुष्यांत हें काम पुरें होणारें नाहीं, हें ते जाणून होते. ७ जुलै १९१० रोजीं पुण्यांत भारत इतिहास संशोधक मंडळ स्थापन झालें, त्यांत खंडेराव चिंतामण मेहेंदळे यांच्यासह त्यांचा पुढाकार होता. पुढें मतभेद होऊन ते त्या संस्थेपासून दूर झाले व धुळ्यास राहूं लागले. जयराम पिंड्ये याचें ‘राधामाधवविलासचंपू’ हें काव्य आणि ‘महिकावतीची बखर’ हे जुने ग्रंथही त्यांनींच संपादून प्रकाशांत आणिले. इंग्रजी उत्तम येत असतां त्यांनीं आपलें लेखन मराठींतच केलें. ३१ डिसेंबर १९२६ रोजीं धुळें येथें त्यांचें देहावसान झालें.

त्यांच्यामागें घरदार नव्हतें; होते ते कागद. त्या कागदांची जोपासना व्हावी म्हणून १९२७ च्या आरंभींच धुळ्यांत राजवाडे संशोधन मंडळ निघालें. त्यांच्या हयातींत बंद असलेलें पेशवे दप्तरही पुढें उघडलें, आणि गोविंद सखाराम सरदेसाई यांनीं त्यांतील निवडक कागद १९३० ते १९३४ या काळांत ४५ भागांत छापिले. राजवाड्यांचे स्वतःचे खंडही काळांतरानें दुर्मिळ झाले, तेव्हां धुळ्याच्या मंडळानें त्यांचें समग्र साहित्य पुन्हां छापून काढिलें. ज्यानें दुसऱ्यांचे कागद वांचविले, त्याचेही कागद कोणीतरी वांचवावेच लागतात. हें काम एका पिढीनें करून संपत नाहीं.

विद्यार्थिमित्रहो, इतिहास केवळ पेशव्यांच्या दप्तरांतच असतो असें समजूं नका. कोणाचे पणजोबा पहिल्या महायुद्धांत मेसोपोटेमियांत लढावयास गेले असतील. त्यांचा पलटणींतून सुटल्याचा दाखला, पेन्शनचें पुस्तक, घरीं धाडलेलें एखादें पत्र अजून पेटींत असेल. कोणाच्या घरीं जमिनीचें जुनें खतपत्र असेल, कोणाच्या घरीं याच शाळेच्या वार्षिकाचे जुने अंक असतील. पालकांस आमची विनंति आहे कीं, रद्दीवाल्यास हांक मारण्यापूर्वीं एकदां तें गांठोडें सोडून पाहावें. मुलांनीं आजीआजोबांपाशीं बसून त्यांतील नांवें विचारून घ्यावीं, दुसऱ्या कागदावर स्वच्छ अक्षरांत नक्कल करावी, तारीख घालावी, आणि मूळ कागद कोरड्या जागीं जपून ठेवावा. या कामास पदवी लागत नाहीं, पैसाही फारसा लागत नाहीं. मात्र आजी आहे तोंवरच तिला विचारतां येतें, आणि कागद आहे तोंवरच तो वाचतां येतो.