दादासाहेब फाळके

धुंडिराज गोविंद फाळके ऊर्फ दादासाहेब फाळके (३० एप्रिल, इ.स. १८७०: त्र्यंबकेश्वर, महाराष्ट्र – १६ फेब्रुवारी, इ.स. १९४४: नाशिक, महाराष्ट्र) हे भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक मानले जाणारे निर्माते, दिग्दर्शक व पटकथाकार होते. भारतातील सचेतनपटांचे (ॲनिमेशनचे) आरंभीचे प्रयोगही त्यांच्याच नावावर आहेत.

== प्रारंभिक जीवन ==
फाळके यांचे वडील संस्कृतचे विद्वान होते. इ.स. १८८५ साली त्यांनी मुंबईच्या जे.जे. कलाशाळेत प्रवेश घेतला. पुढे बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकला व छायाचित्रणाचे शिक्षण घेतले. प्लेगच्या साथीत पहिली पत्नी व मूल दगावल्यानंतर त्यांचा दुसरा विवाह झाला; या पत्नीचे नाव सरस्वतीबाई. पुरातत्त्व खात्यातील नोकरी सोडून त्यांनी छपाईचा व्यवसाय सुरू केला. इ.स. १९०९ साली छपाईची यंत्रे आणण्यासाठी ते जर्मनीस गेले. भागीदारांशी मतभेद झाल्याने त्यांनी हा व्यवसायही सोडला.

== चित्रपट कारकीर्द ==
इ.स. १९११ च्या सुमारास मुंबईत येशू ख्रिस्ताच्या जीवनावरील मूकपट पाहून भारतीय देवदेवतांच्या कथा पडद्यावर आणण्याचा त्यांनी निश्चय केला. अतिश्रमाने काही काळ त्यांची दृष्टी गेली होती. बरे झाल्यावर विमा पॉलिसी तारण ठेवून ते इ.स. १९१२ मध्ये लंडनला गेले आणि विल्यमसन कॅमेरा घेऊन परतले.

भांडवलदारांचा विश्वास मिळवण्यासाठी त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ चित्रित केली. ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपल्यामुळे अनेक दिवसांची वाढ पडद्यावर काही क्षणांत दिसली. त्यानंतर दादर येथे ''राजा हरिश्चंद्र'' तयार झाला व ३ मे, इ.स. १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये प्रदर्शित झाला. स्त्रिया काम करण्यास तयार नसल्याने तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुष नटाने केली. सरस्वतीबाईंनी दागिने विकले, कोऱ्या फितीला छिद्रे पाडली व कलावंतांचा स्वयंपाकही सांभाळला.

''मोहिनी भस्मासुर'' (१९१३), ''लंका दहन'' (१९१७), ''श्रीकृष्णजन्म'' (१९१८) व ''कालिया मर्दन'' (१९१९) हे त्यांचे इतर प्रमुख मूकपट होत. ''कालिया मर्दन''मध्ये त्यांची कन्या मंदाकिनी हिने बालकृष्णाची भूमिका केली.

== सचेतनपट ==
पहिल्या महायुद्धाच्या काळात कच्ची फिल्म व पैसा दोन्ही दुर्मिळ झाले. त्या अडचणीत फाळके यांनी कमी खर्चाचे लघुपट केले. ''आगकाड्यांची मौज'' (१९१५) यात काड्या थोड्याथोड्या सरकवून प्रत्येक स्थिती स्वतंत्रपणे चित्रित केली होती. ''लक्ष्मीचा गालिचा'' या लघुपटात हेच तंत्र नाण्यांवर वापरले होते.

== अखेरचा काळ ==
इ.स. १९१८ साली नाशिक येथे हिंदुस्थान फिल्म कंपनी स्थापन झाली. भागीदारांशी न पटल्याने फाळके काही काळ काशीस जाऊन राहिले, मात्र नंतर कंपनीत परतले. बोलपटांच्या आगमनानंतर त्यांचे महत्त्व ओसरले. ''गंगावतरण'' (१९३७) हा त्यांचा अखेरचा चित्रपट होय. नाशिक येथे उपेक्षित अवस्थेत त्यांचे निधन झाले. त्यांच्या बहुतेक चित्रपटांच्या प्रती आज उपलब्ध नाहीत.

== सन्मान ==
भारत सरकारने इ.स. १९६९ पासून त्यांच्या नावे दादासाहेब फाळके पुरस्कार सुरू केला. देविका राणी या त्याच्या पहिल्या मानकरी होत.