अष्टपैलू पु. ल. देशपांडे



पु. ल. देशपांडे यांना आपण सारे विनोदी लेखक म्हणून ओळखतो. ते चित्रपट-दिग्दर्शक होते आणि भारतीय दूरदर्शनच्या आरंभीच्या निर्मात्यांपैकी एक होते, हे मात्र पुष्कळांना ठाऊक नसते.

त्यांचा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत झाला. तरुणपणी त्यांनी गाण्याच्या शिकवण्या घेतल्या, कारकुनी केली, शाळेत शिकवले. पुढे बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात ते प्राध्यापक होते. १९४७ पासून चित्रपटांत अभिनय, लेखन, संगीत अशी कामे केली. १९५३ च्या ‘गुळाचा गणपती’ची कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिकाही त्यांचीच. इतके यश मिळूनही त्यानंतर त्यांनी चित्रपटसृष्टी सोडली व ते आकाशवाणीत रुजू झाले. लंडनला बी.बी.सी.मध्ये शिक्षण घेऊन ते परतले. १९५९ मध्ये दिल्लीत दूरदर्शन सुरू झाले, तेव्हा पंडित नेहरूंची दूरदर्शनवरील पहिली मुलाखत त्यांनीच घेतली.

कामे बदलली, पण शिकलेले काही वाया गेले नाही. अभिनय आणि लेखन हे दोन्ही ‘बटाट्याची चाळ’च्या एकपात्री प्रयोगात एकत्र आले. स्वतः स्थापन केलेल्या प्रतिष्ठानामार्फत त्यांनी समाजकार्याला मोठ्या देणग्या दिल्या. पुण्याचे मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र त्यांच्याच साहाय्याने उभे राहिले. १२ जून २००० रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.

आम्हां इंदूरकरांवर त्यांचे एक वेगळे ऋण आहे. १९५७ च्या ‘तुझे आहे तुजपाशी’ नाटकातले काकाजी इंदूरचे. त्यांच्या मराठीत हिंदी-उर्दू सहज मिसळते आणि तरीही प्रेक्षक त्यांच्यावर जीव लावतात. आमचे स्वतःचे शिक्षण हिंदी माध्यमातून झाले. पुण्या-मुंबईच्या पाहुण्यांपुढे मराठी बोलताना आम्हीही संकोचलो आहोत. आज आमची मुले हसण्याच्या भीतीने मराठी बोलायचेच टाळतात, तेव्हा काळजी वाटते. मुलांनो, चुका सुधारता येतात; गप्प बसल्याने भाषा मात्र जाते.

पालकांना विनंती, मुलाला गाणे, नाटक, चित्रकला असे अनेक छंद असतील तर ते अभ्यासाचे शत्रू समजू नका. येत्या ८ नोव्हेंबरला घरी सर्वांनी मिळून पु. लं.चे एक तरी पान मोठ्याने वाचावे, ही अपेक्षा.