नॉर्मन मॅक्लॅरेन : रेषा, फूल आणि युद्ध

कॅमेऱ्याविना, थेट फितीवर रेषा व ठिपके रेखाटून त्यांना नाचविणारे कलावंत म्हणून नॉर्मन मॅक्लॅरेन विख्यात आहेत. युद्धाची मानवी किंमत त्यांनी पडद्यावर कशी मांडली, हे येथे आपणांस पाहावयाचे आहे.

त्यांचा जन्म १९१४ साली स्कॉटलंडमधील स्टर्लिंग येथे झाला. ग्लासगोच्या कलाशाळेतील शिक्षणकाळातच, १९३६ मध्ये, त्यांनी हेलन बिगर यांच्यासमवेत युद्धविरोधी चित्रपट निर्माण केला. त्याच वर्षी यादवी युद्धाने होरपळणाऱ्या स्पेनमध्ये ते छायाचित्रणासाठी गेले आणि संहार प्रत्यक्ष पाहून परतले. १९४१ पासून त्यांनी कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळात काम केले. युद्धाचा तिटकारा असणाऱ्या या कलावंताच्या वाट्याला तेथे प्रथम युद्धकालीन बचतीच्या प्रचाराचे चित्रपट आले, हे लक्षात घ्या.

१९४९ मध्ये युनेस्कोच्या कार्यासाठी ते चीनमध्ये गेले. तेथील सामान्य माणसांविषयी त्यांना आपुलकी वाटू लागली. पण लवकरच कोरियात युद्ध पेटले आणि चीन व पाश्चात्त्य राष्ट्रे समोरासमोर उभी ठाकली. या मनोव्यथेतून १९५२ साली 'नेबर्स' हा सुमारे आठ मिनिटांचा लघुपट जन्मला. दोन शेजाऱ्यांच्या सीमेवर एक फूल उमलते. ते कोणाचे, यावरून कुंपण उभे राहते आणि शेवटी दोघेही मरतात. येथे रेषांऐवजी जिवंत माणसे आहेत. मात्र त्यांची हालचाल एकेक चौकट स्वतंत्रपणे टिपून घडविली आहे. त्यामुळे माणसे कळसूत्री बाहुल्यांसारखी भासतात. त्यांना नाव नाही, देश नाही, संवादही नाहीत. अमूर्तता रेषेतून कथेत आली, ती अशी.

या लघुपटास ऑस्कर पारितोषिक लाभले. तथापि, शेजारी एकमेकांच्या पत्नीचा व तान्ह्या बाळाचा जीव घेतात, तो प्रसंग वितरकांच्या आग्रहास्तव वगळण्यात आला होता. व्हिएतनाम युद्धाच्या काळात लोकमत पालटले, तेव्हा तो पुन्हा जोडला गेला. त्या प्रसंगावाचून युद्ध म्हणजे केवळ लढणाऱ्यांचे मरण ठरते. त्यासह पाहिले, की न लढणाऱ्यांनी मोजलेली किंमत दिसते.

१९८७ साली मॅक्लॅरेन यांचे निधन झाले.

विचार करा : कथेतील पात्रांना नाव व देश दिला असता, तर तिचा आशय व्यापक झाला असता की मर्यादित?