ललिता पवार

ललिता पवार (१८ एप्रिल १९१६, येवला – २४ फेब्रुवारी १९९८, पुणे) या मराठी व हिंदी चित्रपटांतील अभिनेत्री होत्या. मूकपटांच्या काळात सुरू झालेली त्यांची कारकीर्द दूरचित्रवाणी मालिकांपर्यंत चालू राहिली. प्रारंभी नायिका असलेल्या ललिताबाई पुढे चरित्र अभिनेत्री म्हणून विख्यात झाल्या. कजाग सासूच्या भूमिकांशी त्यांचे नाव कायमचे जोडले गेले.

प्रारंभिक कारकीर्द

त्यांचे मूळ नाव अंबा लक्ष्मणराव सगुण. १९२८ च्या सुमारास बालकलाकार म्हणून त्यांनी चित्रपटांत प्रवेश केला. मूकपटांत त्या नायिका म्हणून गाजल्या. कैलास (१९३२) या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा सहभाग होता. बोलपट आल्यावर त्यांनी दुनिया क्या है हा चित्रपट काढला. त्याचे कथानक लिओ टॉलस्टॉय यांच्या ‘रिझरेक्शन’ या कादंबरीवर आधारित होते. भालजी पेंढारकरांचा नेताजी पालकर आणि मास्टर विनायक दिग्दर्शित अमृत (१९४१) हे त्यांचे या काळातील उल्लेखनीय चित्रपट होत.

१९४२ चा अपघात

१९४२ साली जंग-ए-आझादी या चित्रपटाच्या चित्रीकरणात सहकलाकार भगवान (भगवानदादा) यांना प्रसंगानुसार त्यांना थप्पड मारायची होती. ती अनवधानाने फार जोरात बसली. परिणामी ललिताबाईंच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि डाव्या डोळ्याला इजा झाली. दीर्घ उपचारांनंतरही डोळ्यातील दोष कायम राहिला. नायिकेच्या भूमिका बंद झाल्या, त्या वेळी त्यांनी तिशीही गाठलेली नव्हती.

चरित्र भूमिका

यानंतर त्यांनी दुय्यम भूमिका स्वीकारल्या. प्रभातच्या रामशास्त्री (१९४४) मध्ये त्यांनी आनंदीबाई साकारली. व्ही. शांताराम यांच्या दहेज (१९५०) मधील हुंड्यासाठी सुनेचा छळ करणाऱ्या सासूने त्यांची खलनायिका म्हणून ओळख पक्की केली. बारीक झालेला डोळा आता त्यांच्या अभिनयाचा भाग बनला. एका तिरप्या कटाक्षातून त्या धाक, संशय किंवा कावेबाजपणा व्यक्त करीत.

तथापि त्यांच्या भूमिका एकसुरी नव्हत्या. राज कपूर यांच्या श्री ४२० (१९५५) मध्ये त्या पदपथावर केळी विकणारी प्रेमळ गंगामाई झाल्या. आवारा या चित्रपटाने सोव्हिएत संघात अफाट लोकप्रियता मिळवल्यानंतर श्री ४२० ही तेथे प्रदर्शित झाला आणि ही गंगामाई परदेशी प्रेक्षकांपर्यंत पोहोचली. हृषीकेश मुखर्जी यांच्या अनाडी (१९५९) मधील मिसेस डिसा ही वरून खाष्ट, आतून मायाळू घरमालकीण त्यांची सर्वोत्कृष्ट भूमिका मानली जाते. तिच्यासाठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. जंगली (१९६१) मधील करारी आई आणि प्रोफेसर (१९६२) मधील हळूहळू विरघळत जाणारी कडक पालक या भूमिकांत त्यांनी स्वतःच्या कठोर प्रतिमेचा विनोदासाठी उपयोग केला. आनंद (१९७१) मध्ये त्या रुग्णालयाच्या मेट्रन होत्या.

उत्तरायुष्य

त्यांचा पहिला विवाह दिग्दर्शक ग. प. पवार यांच्याशी, तर दुसरा निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी झाला. १९८७ मध्ये दूरदर्शनवर सुरू झालेल्या रामानंद सागर यांच्या रामायण मालिकेत त्यांनी मंथरेची भूमिका केली. त्यांचे जुने चित्रपट न पाहिलेल्या पिढीलाही त्या या भूमिकेमुळे परिचित झाल्या. वयाच्या ८१ व्या वर्षी पुण्यात त्यांचे निधन झाले.