बापूदेव शास्त्री : काशीच्या संस्कृत महाविद्यालयातील मराठी गुरू

काशीस गंगेच्या काठाने मणिकर्णिकेकडून पंचगंगेकडे चालत निघाले म्हणजे मराठी मनुष्यास आपल्याच मुलखात आल्यासारखे वाटते. भोसले घाट मागे पडतो, मग गणेश घाट, पुढे रामघाट, त्याला लागून जटारांचा घाट, मग ग्वाल्हेरकरांचा आणि बालाजीचा. रामघाटाच्या वरच्या अंगास असलेल्या गल्ल्यांतून महाराष्ट्रीय वैदिक व शास्त्री यांची घराणी पिढ्यानपिढ्या नांदत आली. रामघाटावरील सांगवेद विद्यालयात वेद व शास्त्रे यांचे अध्ययन आजही चालते.

जुन्या काळी या घाटांवर विद्या गुरूच्या घरी मिळत असे. एक गुरू, चारदोन शिष्य, एक ग्रंथ आणि त्यावरील टीका, असा तो क्रम होता. शिष्याची परीक्षा वादसभेत होई. ज्योतिष शिकणाऱ्याची मात्र आणखी एक परीक्षा असे, आणि ती आकाशातच होई. ग्रहणाच्या दिवशी सारी काशी घाटावर लोटे. स्पर्श केव्हा आणि मोक्ष केव्हा, हे पंचांगात आधीच लिहिलेले असे. ते चुकले तर स्नानासाठी पाण्यात उभ्या असलेल्या अडाणी माणसालाही कळून येई.

या काशीत इ. स. १८४२ मध्ये वीस-एकवीस वर्षांचा एक मराठी तरुण गणित शिकवावयास आला आणि १८८९ पर्यंत शिकवीत राहिला. बापूदेव शास्त्री हे त्यांचे नाव. आपल्या वाचकांपैकी पुष्कळ जण महाविद्यालयांतून अध्यापन करतात, किंवा त्यांची मुले करतात. सत्तेचाळीस वर्षे एकाच संस्थेत शिकवून हा मनुष्य शिळा का झाला नाही, हे पाहणे त्यांना आवडेल.

बापूदेवांचे मूळ नाव नृसिंह, वडिलांचे सीताराम. घराणे चित्पावन ब्राह्मणांचे. राहणार गोदावरीकाठच्या टोके गावचे, म्हणजे आपल्या मिशनच्या इतिहासात ठायी ठायी येणाऱ्या अहमदनगर (आजच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातले. जन्म १८२१ चा. बालपणीचे शिक्षण नागपुरास मराठी शाळेत झाले आणि भास्कराचार्यांची लीलावती व बीजगणित हे ग्रंथ त्यांनी तेथेच ढुंढिराज मिश्र यांच्यापाशी वाचले. येथवर त्यांची वाट इतर शास्त्र्यांसारखीच होती. ती बदलली १८३८ च्या सुमारास. भोपाळ दरबारी कंपनी सरकारचे पोलिटिकल एजंट असलेले लान्सलॉट विल्किन्सन यांच्या नजरेस हा मुलगा पडला आणि त्यांनी त्याला सिहोर येथे आपल्या पाठशाळेत नेले. तेथे सेवाराम नावाच्या पंडितांपाशी त्याने रेखागणिताचा अभ्यास केला.

विल्किन्सनसाहेबांविषयी दोन शब्द अधिक लिहिले पाहिजेत, कारण बापूदेवांच्या शिकवण्याचे मूळ तेथे आहे. हिंदी लोकांना युरोपातील विद्या शिकवावयाची ती इंग्रजीतून आणि जुने सारे बाजूस सारून, असे मत त्या दशकात कलकत्त्यास प्रबळ झाले होते. विल्किन्सन यांना ते मान्य नव्हते. विद्यार्थी सपाट पृथ्वी व मेरुपर्वत मानीत असेल तर त्याला एकदम कोपर्निकस देऊ नये. आधी त्याच्याच भास्कराचार्यांकडे न्यावे, असे त्यांनी १८३४ मध्ये एका निबंधात मांडले. पृथ्वी गोल आहे, निराधार आहे, आणि परिघाचा अगदी लहान भाग आपल्या दृष्टीस पडतो म्हणून ती सपाट भासते, हे सिद्धान्तशिरोमणीत ११५० सालीच सांगितलेले आहे. ते ज्याने पचविले त्याला पुढची पायरी अवघड जात नाही. विल्किन्सन यांच्या पदरच्या सुबाजी बापू यांनी याच हेतूने सिद्धान्तशिरोमणिप्रकाश हा मराठी ग्रंथ १८३६ मध्ये छापविला होता. या पद्धतीत धूर्तपणा होता असे कोणी म्हणेल. मला तो दिसत नाही. शिष्य जेथे उभा आहे तेथपर्यंत गुरूने चालत जावे, एवढेच तिच्यात आहे.

विल्किन्सन १८४१ च्या अखेरीस वारले. त्यांनी घडविलेला तरुण काशीस आला तो त्यानंतर लगेच.

काशीचे संस्कृत महाविद्यालय जोनाथन डंकन यांनी १७९१ मध्ये स्थापिले होते. आजचे संपूर्णानंद संस्कृत विश्वविद्यालय ते हेच. घाटावरच्या पाठशाळेपेक्षा तेथील रीत निराळी होती. वेतन सरकारी, वर्ग, हजेरी, वार्षिक परीक्षा आणि वर इंग्रज प्राचार्य. पहिले प्राचार्य जॉन म्यूर यांचे मतपरीक्षा हे संस्कृत पुस्तक व त्याला नीलकंठशास्त्री गोऱ्हे यांनी दिलेले उत्तर ही हकीकत आपल्या वाचकांना ठाऊकच आहे. तेच गोऱ्हे पुढे १८४८ मध्ये बाप्तिस्मा घेऊन नेहेम्या गोऱ्हे झाले. १८४६ पासून जेम्स बॅलंटाइन हे प्राचार्य होते. पंडितांना पाश्चात्य शास्त्रे संस्कृतातूनच आणि न्यायशास्त्राच्या परिभाषेत शिकवावी, हा त्यांचा आग्रह. त्यांच्या सांगण्यावरून विठ्ठलशास्त्री या महाराष्ट्रीय पंडितांनी बेकनच्या ग्रंथावर संस्कृत विवरण लिहिले, आणि स्वतः बॅलंटाइन यांनी उत्पत्तीच्या पहिल्या तीन अध्यायांवर पंडितांसाठी भाष्य रचून १८६० मध्ये प्रसिद्ध केले. ज्याचे आयुष्य पवित्र शास्त्राच्या भाषांतरात गेले, अशा प्रस्तुत लेखकास त्या भाष्याविषयी मोठे कुतूहल आहे. शब्द वाचकाच्या घरचा घ्यावा तर त्याला चिकटलेला जुना अर्थही सोबत येतो. नवा घडवावा तर तो कानाला परका लागतो. बॅलंटाइन यांना हा पेच तत्त्वज्ञानात पडला, बापूदेवांना गणितात. गणितात तो थोडा सुसह्य असतो, कारण तेथे अर्थ आकृतीने दाखविता येतो.

बापूदेव प्रथम रेखागणित शिकवीत. पुढे गणित व ज्योतिष यांचे मुख्य अध्यापक झाले. त्यांच्या ग्रंथांची यादी पाहिली तर वर्गात काय चालत असेल याची कल्पना येते. संस्कृतात त्रिकोणमिती आणि रेखागणित, सायनवाद, प्राचीन ज्योतिषाचार्यांच्या आशयाचे वर्णन, आणि मानमंदिरातील यंत्रांचे वर्णन. मानमंदिर ही जयपूरच्या सवाई जयसिंहांची वेधशाळा घाटावरच आहे. यात्रेकरू तिच्या दगडी यंत्रांना प्रदक्षिणा घालून जात. त्यांचा उपयोग काय, हे सांगणारा कोणीतरी हवा होता. संस्कृत न जाणणाऱ्या मुलांसाठी त्यांनी अंकगणित व बीजगणित हिंदीत लिहिले. बीजगणिताबद्दल वायव्य प्रांताचे लेफ्टनंट गव्हर्नर जेम्स थॉमसन यांनी त्यांना बक्षीस दिले. हे थॉमसन म्हणजे हेन्री मार्टिनचे स्नेही असलेल्या कलकत्त्याच्या चॅप्लेनचे पुत्र. मातृभाषा मराठी, अध्यापन संस्कृतात आणि पुस्तक हिंदीत, असा हा शास्त्री. आपली भाषा विद्यार्थ्यावर लादावी असे त्यांच्या मनात आलेले दिसत नाही.

१८६१ मध्ये कलकत्त्याच्या बॅप्टिस्ट मिशन छापखान्यातून एक पुस्तक बाहेर पडले. त्यात सूर्यसिद्धान्ताचे बापूदेवांनी केलेले इंग्रजी भाषांतर होते. सिद्धान्तशिरोमणीच्या गोलाध्यायाचे विल्किन्सन यांनी केलेले भाषांतरही होते. ते बापूदेवांनी तपासून सुधारले होते. वीस वर्षांपूर्वी वारलेल्या गुरुतुल्य मनुष्याचे अपुरे काम शिष्याने पुरे केले आणि मुखपृष्ठावर त्याचे नाव राखले. यावर देखरेख होती कलकत्त्याचे आर्चडीकन जॉन हेन्री प्रॅट यांची. प्रॅट हे स्वतः नाणावलेले गणिती. हिमालयाच्या आकर्षणाने ओळंबा किती ढळावा, याचे त्यांचे गणित भूशास्त्रात आजही सांगितले जाते. आर्चडीकन आणि शास्त्री एका जुन्या संस्कृत ग्रंथावर डोके खाली घालून बसले, हे चित्र मला प्रिय आहे.

यापूर्वी, १८५८ मध्ये, बापूदेवांनी बंगालच्या एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात एक छोटा लेख लिहिला होता. ग्रहाची दिवसभराची सरासरी गती निराळी आणि विशिष्ट क्षणाची गती निराळी, हा भेद भास्कराचार्यांनी केला होता. त्या क्षणिक गतीला ते तात्कालिक गती म्हणतात, आणि ती काढताना भुजज्येतील फरक कोटिज्येच्या प्रमाणात घेतात. चलनकलनाचे बीज येथे आहे, असे बापूदेवांनी दाखवून दिले. लंडनच्या विल्यम स्पॉटिसवुड यांनी १८६० मध्ये त्याचा परामर्श घेतला. भास्कराचार्यांची रीत फार जवळ पोहोचते हे त्यांनी मानले, परंतु अत्यल्प राशींची स्पष्ट कल्पना तेथे नाही, असा आक्षेप घेतला. माझ्या मते हा आक्षेप वाजवी होता. मात्र बापूदेवांचा दावा त्या काळी अनेकांनी केला तसा पोकळ अभिमानाचा नव्हता. त्यांनी श्लोक दाखविला, वासना म्हणजे उपपत्ती मांडली, आणि जाणत्यांनी तपासावे म्हणून पुढे केली. वर्गातही त्यांची हीच रीत असणार. विद्यार्थ्याला पाठ असलेल्या श्लोकातून ते नव्या गणितात उतरत.

मानसन्मान पुष्कळ मिळाले. १८६४ मध्ये ग्रेट ब्रिटनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीचे व १८६८ मध्ये बंगालच्या सोसायटीचे सन्मान्य सभासदत्व, १८६९ मध्ये कलकत्ता विद्यापीठाची फेलोशिप, १८७८ मध्ये सी. आय. ई. आणि १८८७ मध्ये महामहोपाध्याय ही पदवी.

पण त्यांची खरी कसोटी लागली ती पंचांगाने. काशीची पंचांगे मकरंद या १४७८ च्या ग्रंथावरून होत. चार शतकांत त्या गणितात अंतर पडले होते. तिथीची सुरुवात काही घटिका पुढेमागे होई आणि त्यामुळे एकादशी किंवा श्राद्धाचा दिवसही बदले. हे वर्गात फळ्यावर सांगणे सोपे. आपले नाव घालून निराळे पंचांग छापणे आणि रामघाटावरच्या शेजाऱ्यापाजाऱ्यांना तुमची एकादशी चुकली असे सांगणे सोपे नाही. महाराष्ट्रात केरो लक्ष्मण छत्रे यांनी १८६५ पासून पटवर्धनी पंचांगाद्वारे हे धाडस केले होते. तेही पुण्यास महाविद्यालयात गणितच शिकवीत. बापूदेवांनी १८७६ च्या सुमारास ग्रीनिचच्या नाविक पंचांगावरून ग्रह घेऊन आपले पंचांग सुरू केले. गणित डोळ्यांना पटले पाहिजे, याला आपल्याकडे दृक्प्रत्यय असा सुंदर शब्द आहे. वर्षाचा आरंभ संपातापासून धरावा, म्हणजे सायन पद्धती, या बाजूने त्यांनी ग्रंथ लिहिला होता, तरी पंचांग मात्र रूढ निरयन पद्धतीचेच ठेवले. सायनवादी शंकर बाळकृष्ण दीक्षितांसारख्यांना हे पटण्यासारखे नव्हते. तडजोड म्हणावी तर ती होतीच. एका वेळी लोकांना एकच पायरी चढवावी, हा सिहोरचा धडा त्यांनी येथेही पाळला, असे मला वाटते.

आपल्या लोकांपैकी काहींची त्या काळी अशी अपेक्षा होती की, खगोल कळला म्हणजे पंडिताची पुराणावरील श्रद्धा जाईल आणि तो शुभवर्तमानाकडे वळेल. बापूदेव वळले नाहीत. ते अखेरपर्यंत आपल्या धर्मात राहिले. त्यांना शिकविणारे, छापणारे, गौरविणारे बहुतेक ख्रिस्ती होते. तरी त्यांच्यापैकी कोणी त्यांच्या विद्येचे मोल यावरून कमी लेखले नाही, ही गोष्ट आपण नोंदवून ठेवावी.

विद्यार्थ्यांविषयी एक हकीकत सांगतात. सुधाकर द्विवेदी हे तरुण शिष्य. एका पाश्चात्य गणितज्ञाचे सूत्र बापूदेव आपल्या लेखनात घेत असता ते चुकीचे आहे, असे सुधाकरांनी दाखविले. भर काशीत, महामान्य गुरूला, शिष्याने! बापूदेवांनी गणित पुन्हा पाहिले, चूक मान्य केली आणि प्राचार्य ग्रिफिथ यांच्यापाशी जाऊन या मुलाच्या बुद्धीची वाखाणणी केली. पुढे ज्योतिषातील प्रश्नांवरून गुरुशिष्यांत मतभेद झाले आणि ते मिटले नाहीत. ज्याला तपासावयास शिकविले त्याने गुरूलाही तपासले. घाटावरच्या पाठशाळेत हे घडणे कठीण होते.

बापूदेव १८८९ मध्ये निवृत्त झाले आणि पुढच्याच वर्षी वारले. त्यांच्या जागी सुधाकर द्विवेदीच आले. भास्कराचार्यांच्या तात्कालिक गतीवर बापूदेवांनी बोट ठेवले त्याला तेव्हा तीस वर्षे होऊन गेली होती. चलनकलनावर संपूर्ण ग्रंथ सुधाकरांनी त्यापूर्वीच हिंदीत लिहून ठेवला होता.